डुकराचं पुस्तक

आमच्या दिग्रसच्या वाचनालयातले ग्रंथपाल पुस्तक देण्याआधी माणसाला चष्म्यावरून न्याहाळतात, डॉक्टर पेशंटला पाहतो तसे. उन्हाळ्यात तिथला एकुलता एक टेबलफॅन त्यांच्याकडे तोंड करून असतो. आम्ही घाम पुसत पेपर वाचतो.

यंदा मी एक दिवाळी अंक होळी झाल्यावर परत द्यायला गेलो. सात-आठ जण त्याची वाट पाहत होते, हे मला ठाऊक होतं. ग्रंथपाल रागावले नाहीत. त्यांनी ड्रॉवरमधून मुलांचं एक पातळ पुस्तक काढून माझ्यापुढे सरकवलं. त्यात एक डुक्कर अख्ख्या डबक्यात आडवं पसरतं आणि बाकीच्या डुकरांना चिखलात पाय ठेवू देत नाही.

"माह्या घरी लहान पोरं नाहीत," मी म्हणालो.

"म्हणूनच तं देऊन राह्यलो. पोरायले हे एकदा वाचून समजते."

मी पुस्तक नेलं. घरी शेवटचं पान उघडलं, तर नेणाऱ्यांच्या यादीत गावातली चांगली वजनदार माणसं होती. आणि दर उन्हाळ्यात एकदा खुद्द ग्रंथपालांचं नाव होतं.

परत देताना मी त्या नावावर बोट ठेवलं.

"हो, मी बी नेतो दरसाल," ते शांतपणे म्हणाले. "पण मले अजून लागू नाही पडलं."

आणि माझ्याकडे जरासा सरकलेला टेबलफॅन त्यांनी पुन्हा स्वतःकडे वळवून घेतला.