भलत्याच कंपनीचं नाव

हे सांगायचं मी वर्षानुवर्षं टाळलं. वलवणात टीव्ही दुरुस्त करणारा एक जण होता. बोलताना तो कधी समोरच्याकडे बघत नसे. आमच्या टीव्हीत त्याने नवा बोर्ड बसवला, पेनड्राइव्हवर फुंकर मारून तो टीव्हीच्या मागे खोचला आणि भिंतीवरच्या बटणावर तळहात ठेवून आमच्याकडे पाठ करून उभा राहिला.

"काय चाललंय रे?"

"सॉफ्टवेअर मारतोय, आबा. मधीच लाइट बंद झाली तर बोर्ड मरंल."

मला त्या पाठीचाच संशय आला. टीव्ही सुरू झाला आणि पडद्यावर भलत्याच कंपनीचं नाव उमटलं.

"अस्सल माल काढून दुसऱ्याचा घातलास!"

"नाव सॉफ्टवेअरमधलं हाय, आबा. ह्यो बोर्ड समद्या कंपन्यांना चालतो," तो भिंतीलाच म्हणाला.

मी गावभर त्याला चोर ठरवलं. लोकांनी काम देणं थांबवलं. दुकान बंद पडलं.

पुढे लोणावळ्यात दुसऱ्या कारागिराने माझ्यासमोर शेजाऱ्याच्या तिसऱ्याच कंपनीच्या टीव्हीत तसाच बोर्ड बसवला. तिथेही तेच नाव उमटलं.

परवा सोमाटण्याच्या चौकात वलवणच्या त्या पहिल्या कारागिरानेच हाक मारली. "टीव्ही चालतोय न्हवं, आबा?"

माफी ओठांपर्यंत आली होती. मी म्हणालो, "चालतोय."