घसा, पोट आणि बसम्माचं ताक

लातूरला जिथं शिकवणीवर्गांची नुसती दाटी झाली आहे, तिथल्या एका गल्लीत बसम्माची मुलींची खानावळ आहे, वरच्या मजल्यावर पोरींच्या राहायच्या खोल्या. पाटीवर तिचं नाव नाही, पण कुणालाही विचारा, ‘अव्वाची खानावळ’ म्हटलं की बोट दाखवतील. अव्वा म्हणजे कानडीत आई. बसम्मा मूळची उदगीरची. नवरा गेल्यावर चौदा वर्षांपूर्वी ती लातूरला आली आणि पोळ्या लाटता लाटता साठ पोरींची अव्वा होऊन बसली. सकाळी कपाळाला विभूती, मग लिंगपूजा, मग चहा आणि चहानंतर ताक घुसळणं. हाताखाली दोन बाया आहेत, पण दह्याच्या भांड्याला दुसऱ्या कुणी हात लावलेला तिला खपत नाही.

बाई तशी फटकळ. ताटात अन्न टाकलेलं दिसलं की तिच्या तोंडाचा पट्टा सुरू व्हायचा. आणि या पोरी टाकायच्या काय, तर नेमकं दही! ताक प्यालं की झोप येते, झोप आली की मार्क जातात, असं कुण्या शहाण्यानं वर्गात उठवून दिलं होतं. सगळ्या पोरींनी ते खरं मानलं. “डॉक्टर व्हायला निघाल्यात अन् ताकाला भ्यायल्यात!” म्हणून बसम्मा कपाळावर हात मारून घ्यायची.

देगलूरची तनुजा त्यातलीच. अंगानं काडी, पण पाठांतराला वाघीण. दह्यातल्या जिवाणूंचं लांबलचक नाव ती धडाधड सांगायची. ते पोटातल्या रोगजंतूंना आवर घालतात, दुधाचं दही होताना त्यातलं जीवनसत्त्व वाढवतात, सगळं तोंडपाठ. सरावाच्या पेपरात त्यावरचा एकही प्रश्न कधी चुकला नाही. वाटीतलं दही मात्र रोज जसंच्या तसं परत. घ्या!

एप्रिलच्या शेवटी तनुजाचा घसा धरला, ताप चढला. डॉक्टरांनी पाच दिवस जंतू मारायच्या गोळ्या दिल्या. घसा मोकळा झाला आणि पोट बिघडलं. खाल्लं की मुरडा, दिवसातून सहा-सातदा संडास. परीक्षा नऊ दिवसांवर आलेली, आणि तिथं तीन तास एका जागी बसायचं. बसम्मानं तिला पुन्हा डॉक्टरांकडं नेलं. त्यांनी नीट तपासलं. म्हणाले, “घाबरू नका. या गोळ्यांनी वाईट जंतूंबरोबर पोटातले कामाचे जंतूही मरतात, मग कधीकधी असं होतं. मीठ-साखरेचं पाणी चालू ठेवा, हलकं जेवा, दही-ताक घ्या. चार दिवसांत फरक नाही पडला तर परत या.”

बसम्मा वरून “होईल गं बरं” म्हणत होती, पण मनातून ती धास्तावली होती. तीन वर्षांपूर्वी निलंग्याची एक पोर अशीच पोटानं खंगली, ऐन फेब्रुवारीत घरी गेली आणि परत आलीच नाही. डॉक्टर काही म्हणोत, बसम्मानं तो दोष स्वतःच्या अन्नाला लावून घेतला होता. त्या पोरीची आठवण आली की तिला अजून घास गिळवत नाही.

त्यात तनुजाचे वडील व्यंकटराव यांचा देगलूरहून फोन आला. “सोमवारी गाडी घेऊन येतो. पोर घरी आणतो. परीक्षा पुढच्या साली बघू.” ते ऐकून तनुजा उशीत तोंड खुपसून रडायला लागली. दोन वर्षांचा अभ्यास होता तिचा. बसम्मानं फोन तिच्या हातातून घेतला. “भाऊ, तीन दिवस द्या मला. माझ्या आंबिलीनं पोट जाग्यावर न्हाई आलं तर खुशाल न्या.”

आता आंबील म्हणजे ज्वारीच्या पिठाची पातळ कांजी आणि त्यात ताक. पण घसा नुकता सुटलेला, त्या पोरीला ताक द्यायचं कसं? बसम्मानं आपली अक्कल लढवली. ताक घालून झाल्यावर सगळी आंबील तिनं पुन्हा गॅसवर चढवली आणि खळखळ उकळली. दिवसातून तीनदा वाफाळता पेला तनुजापुढं धरायचा आणि तो रिकामा होईपर्यंत समोरून हलायचं नाही. पोर बिचारी मुकाट प्यायची. शुक्रवार गेला, शनिवार गेला, फरक कवडीचा नाही.

रविवारी दुपारी बसम्मा गॅसपुढं उभी होती. व्यंकटरावांना आपण मोठ्या तोऱ्यात शब्द देऊन बसलो, आता उद्या काय तोंड दाखवायचं, हाच घोर. तेवढ्यात तनुजा पाण्याची बाटली भरायला आत आली.

“अव्वा, काय करायलात?”

“तुझीच आंबील. घशाला बाधू नये म्हणून चांगली उकळायले.”

तनुजाच्या हातातली बाटली भरून वाहायला लागली. “रोज उकळता? ताक घातल्यावर?”

“मग! गार देऊ का तुला?”

“अहो अव्वा, उकळल्यावर त्यातले जिवाणू मरतात की! एक बी वाचत न्हाई.”

बसम्मानं पातेल्यात डोकावून पाहिलं. “समदे मेले?”

“समदे.”

“बाई गं! म्हणजे तीन दिस झाले, मी तुला मढीच पाजायले की गं!”

आठवडाभरात पहिल्यांदा तनुजा हसली. ओट्याला टेकून पोट धरून हसली. मग डोळे पुसत म्हणाली, “अव्वा, तुमची तरी तीन दिवसांची चूक. मी दोन वर्षं त्यांच्यावर मार्क घ्यायले अन् एक वाटी दही खाल्लं न्हाई.”

खरं तर बसम्माच्या आईची रीत वेगळीच होती. पीठ शिजवायचं, बोट घालता येईल इतकं निवू द्यायचं, मग ताजं ताक घालायचं. बसम्मानं जन्मभर तसंच केलं होतं, पण काळजीनं माणसाचं डोकं चालत नाही. तिनं ते पातेलं बाजूला सारलं आणि नव्यानं पीठ कालवलं. या खेपेला आंबील ना गार ना गरम, वर चिमूटभर जिरं.

सोमवारी सकाळी व्यंकटराव आले. पोरीचं पोट पुरतं थांबलं नव्हतं, सहा-सातावरून चारवर आलं होतं. बसम्माला थाप मारता आली असती. ती म्हणाली, “भाऊ, चूक माझी हाय. तीन दिस मी ताक उकळून पाजलं, त्यात काय राहिलं न्हाई. अजून दोन दिस द्या.”

व्यंकटराव चपला काढून भिंतीला टेकून बसले. “तुम्ही सोताहून सांगितलंत म्हणून थांबतो, ताई. न्हाईतर आत्ता घेऊन गेलो असतो.”

बुधवारी तनुजानं मऊ भात आणि वाटीभर दही खाल्लं, शुक्रवारी अर्धी भाकरी. डॉक्टरांना विचारलं तर म्हणाले, “ताकानंही मदत केली असेल आणि दुखणंही आपोआप ओसरत आलं होतं.” बसम्मानं त्यावर वाद घातला नाही. पण वर्गात बातमी पसरली आणि त्या आठवड्यात दह्याच्या वाट्या चाटूनपुसून परत यायला लागल्या.

रविवारी पाच वाजता परीक्षाकेंद्राचं फाटक उघडलं. बाहेर आईबापांची झुंबड, जो तो पोराला भौतिकशास्त्र कसं गेलं विचारतोय. तनुजा घामाघूम होऊन, ओठ सुकलेल्या अवस्थेत बाहेर आली. व्यंकटरावांनी तोंड उघडायच्या आत बसम्मा गर्दीत घुसली आणि तिनं पोरीचे दोन्ही खांदे धरले.

“पोट?”

तनुजानं आधी वडिलांकडं पाहिलं, मग तिच्याकडं.

“अव्वा, लई भूक लागलीय.”

बसम्मानं पदर तोंडाला लावला आणि भर रस्त्यात ती हमसून हमसून रडली.