सम्राटाने सांगितलं नव्हतं

अकरावीच्या इतिहासात जपानचा धडा आहे. दुबईतल्या एका भारतीय शाळेत मी तो इतकी वर्षं शिकवतोय की पुस्तक न उघडता अख्खा तास घेऊ शकतो. धड्यात नसलेली एक गोष्ट मी दरवर्षी पदरची जोडायचो, कारण तिथे वर्ग हमखास गप्प व्हायचा. जपानच्या शाळांमध्ये एके काळी सम्राटाचा फोटो ठेवलेला असे. शाळेला आग लागली, पूर आला, की मुख्याध्यापकाने आधी तो फोटो बाहेर काढायचा. काही मुख्याध्यापक त्यासाठी जळत्या इमारतीत शिरले आणि परत आलेच नाहीत.

हे सांगताना मी आवाज खाली आणायचो. एरवी मी बोलका माणूस नाही. स्टाफरूममध्ये कुणी विचारलं तर उत्तर देतो, नाहीतर वह्या तपासतो. पण तिथे मी एक क्षण थांबायचो, खिडकीबाहेर बघायचो आणि मग पुढचं वाक्य टाकायचो. त्या थांबण्याची आता मला किळस येते.

पुढचं वाक्य असं असायचं, की तो फोटो म्हणजे खरा फोटोही नव्हता. सम्राटाला फोटो काढून घ्यायला आवडत नसे. म्हणून एका इटालियन चित्रकाराकडून त्याचं चित्र करून घेतलं, त्या चित्राचा फोटो काढला आणि तो शाळाशाळांतून पाठवला. माणसं मेली ती चित्राच्या फोटोसाठी.

मग मी मागे जायचो. शेकडो वर्षं जपानचा सम्राट क्योटोच्या राजवाड्यात नुसता बसून असे. पूजाअर्चा, कविता, पदव्या वाटणं एवढंच त्याच्याकडे. राज्य करायचे शोगुन, म्हणजे सेनापती. सम्राटाच्या नावाने आणि सम्राटाला न विचारता. छत्रपती साताऱ्यात आणि कारभार पुण्यात पेशव्यांकडे, असं म्हटलं की वर्गातली दोन-चार मराठी मुलं मान डोलवायची. पुढे काही महत्त्वाकांक्षी सामुरायांनी शोगुनांना बाजूला सारलं, तरुण सम्राटाला टोकियोला आणलं, लष्करी गणवेश घातला आणि देव म्हणून देशासमोर उभं केलं. कारभार मात्र त्यांच्याच हातात राहिला. जे काही करायचं ते सम्राटाच्या नावाने करायचं, म्हणजे नाही म्हणायची कुणाची टाप नाही.

एका वर्षी मागच्या बाकावरच्या मुलीने विचारलं, "सर, बट डिड द एम्परर आस्क देम टू? फोटो सेव्ह करा म्हणून?"

"नो. ही नेव्हर आस्क्ड."

"देन हू डिड?"

"नोबडी," मी म्हणालो. "दॅट्स द पॉइंट." आणि स्वतःवर खूश झालो. बाहेर आलो तेव्हा व्हरांड्यात आमचे चाचा चहाचा ट्रे घेऊन उभे होते.

चाचा म्हणजे शाळेचे ऑफिस हेल्पर. रायगडचे, श्रीवर्धनकडचे. कागद पोचवणं, चहा, बाक हलवणं, सगळं तेच. अख्ख्या शाळेत मी मराठी बोलायचो ते त्यांच्याशी.

"काय सर, आज कुठला राजा मारला?"

"मारला नाही चाचा. आज राजासाठी लोक मेले."

"ते तर रोजचंच आहे," ते म्हणाले. "साखर घाला, आज कमी टाकलीय."

त्यानंतरच्या एप्रिलमध्ये दुबईत जो पाऊस झाला तो सगळ्या जगाने मोबाइलवर पाहिला. दुसऱ्या दिवशी सकाळी मी डिस्कव्हरी गार्डन्समधल्या घरातून गुडघाभर पाण्यातून शाळेत गेलो. वर्ग ऑनलाइन होते. पण मी सुपरवायझर, घर जवळ, आणि प्रिन्सिपल मॅडमचा फोन आला होता. सरकारचे मेसेज सारखे येत होते: घरीच थांबा, जीव सांभाळा. हे मुद्दाम लिहितोय. या देशाने त्या दिवशी आम्हाला एवढं एकच सांगितलं होतं.

गेटवर चाचा आधीच आले होते, इन्व्हेस्टमेंट्स पार्कमधल्या स्टाफच्या खोल्यांतून चालत. पँट मांडीपर्यंत दुमडलेली, चपला हातात.

"आत जायचं नाही सर. सिक्युरिटीवाला बोलला, पंपवाले येईपर्यंत कोणी आत नाही."

बरोबरच होतं. रिसेप्शन दोन पायऱ्या खाली, दारातून पाहिलं तर तिथे पाणी मांड्यांपर्यंत होतं. तेवढ्यात मॅडमचा पुन्हा फोन.

"सर, वो पोर्ट्रेट्स?"

इथे प्रत्येक ऑफिसात, दुकानात राज्यकर्त्यांचे फोटो असतात, तसे आमच्या रिसेप्शनमध्येही होते. इन्स्पेक्शनसाठी भिंत रंगवायला काढली होती, म्हणून फ्रेम उतरवून सोफ्यावर उभ्या ठेवल्या होत्या.

"मॅडम, पानी बहुत है."

"किसी ने व्हिडिओ निकाल लिया, गंदे पानी में तैरते हुए, तो? आप समझ रहे हैं ना?"

"जी."

"मैं आपको कुछ करने को नहीं कह रही. यू आर देअर. यूज युअर जजमेंट."

मी फोन खिशात ठेवला. काय झालं असतं? सांगतो: काहीही झालं नसतं. पाण्याने भिजलेल्या फोटोसाठी इथे कुणी कुणाला जाब विचारल्याचं मी इतक्या वर्षांत ऐकलेलं नाही. दुसरे फोटो आणले असते, संपलं. भीती आमच्यावर कुणी लादली नव्हती, ती आमची आम्हीच पोसली होती. व्हिसा, नोकरी, मुलीचं शिक्षण, सगळं तिच्या पोटात घातलं होतं. हुकूम यायच्या आधीच पाळून मोकळे होतो आम्ही.

"चाचा," मी म्हणालो, "जरा तेवढे फोटो बाहेर आणता का?"

ते माझ्याकडे बघत राहिले. "लाइट?"

"लाइट गेलीय ना मघाशीच, सगळीकडची."

"सर, तुम्ही बोलता तर जातो."

हे ते स्पष्ट बोलले. नीट, माझ्या तोंडाकडे बघून. आणि मला त्या क्षणी काउंटरखालच्या फळीवरून, पाण्याच्या जरा वरून, कॉम्प्युटरच्या यूपीएसची पिक पिक ऐकू येत होती. लाइट गेल्यावरही चालू राहणं हेच त्याचं काम. मी ऐकली आणि गप्प राहिलो. तोंड उघडायला मला इतिहासाचा तास लागतो ना.

पहिली फ्रेम त्यांनी आणून दिली. दुसरी छातीशी धरून येताना त्यांचं कोपर स्टीलच्या काउंटरला लागलं. ते ओरडलेही नाहीत. कुणीतरी ढकलल्यासारखे दाराजवळ पडले, फ्रेमवरच. पिक पिक बंद झाली. मी पाण्यात उतरलो, आणि आधी फोटो उचलला.

हे पुढे फार दिवस मी कुणाला सांगितलं नाही, बायकोलाही नाही. फुटकी काच खाली ओघळत असताना मी ती फ्रेम दाराबाहेरच्या बाकावर सुलटी ठेवली, तोंड वर करून, आणि मग वळलो. चाचा दाराला टेकून बसले होते आणि काचेने कापलेलं उजवं मनगट डाव्या हाताने दाबून माझ्याकडे बघत होते. पाणी लाल होत होतं.

शिरा जोडल्या, पण तीन बोटं वळेनात. त्या हाताने ट्रे धरता येईना.

पुढचं सगळं फार सुरळीत झालं. मॅडमच्या केबिनमध्ये ठरलं की चाचा स्वतःहून आत गेले. ठरलं, म्हणजे मॅडम म्हणाल्या, "ही मस्ट हॅव गॉन ऑन हिज ओन, राइट?" आणि मी मान हलवली. मग त्यांचा सत्कार ठरला. असेंब्लीत भाषण करायला इतिहासाच्या सरांपेक्षा योग्य कोण? मी बोललो. "विदाउट बीइंग आस्क्ड," मी माइकवर म्हणालो, "आउट ऑफ प्युअर डिव्होशन." मुलांनी टाळ्या वाजवल्या. चाचांच्या खांद्यावर शाल होती आणि पट्टी बांधलेला हात शालीखाली झाकला होता. त्यांना इंग्रजी फारसं येत नाही. माझ्याकडे बघून हसले. मलाही हसावं लागलं.

जपानात त्या मेलेल्या मुख्याध्यापकांच्याही अशाच निष्ठेच्या कथा झाल्या. पूर्वी मी विचार करायचो, कोण लिहीत असेल त्या? आता विचार करत नाही. लिहिणारा शिक्षकच असणार, अक्षर चांगलं असलेला, मितभाषी, मुलांत लोकप्रिय. आपल्या हातून गेलेल्या माणसाला देशभक्त करून टाकलं की आपल्याला जेवण जातं. आणि ज्याच्या नावाने हे चाललं त्या सम्राटाला पत्ताही नसेल, कुठल्या डोंगरातल्या शाळेत कोण जळालं ते. त्याच्या नातवाने, युद्ध हरल्यावर, आपण देव नाही असं स्वतः जाहीर केलं. नव्या राज्यघटनेत तो देशाचं नुसतं प्रतीक झाला, अधिकार काही नाही. त्याच घराण्यातला पुढचा सम्राट भूकंपात घर गेलेल्या लोकांसमोर जमिनीवर गुडघे टेकून बसायचा, त्यांची विचारपूस करायचा. मी हॉस्पिटलमध्ये गेलो ते एकदाच, मॅडमबरोबर, फुलं घेऊन. उभ्याउभ्याच परत आलो.

वर्ष संपताना चाचांचं कॉन्ट्रॅक्ट पुढे वाढवलं नाही. ते श्रीवर्धनला गेले. जाताना स्टाफरूमच्या दारात आले. "येतो सर. राजे सांभाळा." मी हसलो. अजून काय करणार होतो?

यंदाच्या ईदला मी मुबारकचा मेसेज टाकला, तर त्यांचा फोनच आला. इकडचं तिकडचं झालं. मग म्हणाले, "सर, एक काम होतं."

मला वाटलं पैसे. खरंच वाटलं, आणि हायसंही वाटलं.

"पोरगा लय बोलतो मला," ते म्हणाले. "बोलतो, अब्बा, फोटोसाठी स्वतःहून करंटमध्ये कोण जातो? तुमच्या हौसेपायी घरची कमाई बसली. मी बोललो, अरे सरांनी पाठवलं. तर त्याने तो व्हिडिओ लावला, शाळेच्या ग्रुपवर आलेला, तुमच्या भाषणाचा. मला त्याचा अर्थ सांगितला. बोलतो, तुमचे सरच बोलतायत, कोणी सांगितलं नव्हतं. आता अब्बा, तुम्ही खोटं पण बोलायला लागले."

मी टेबलावरचे पेपर सरळ करत राहिलो.

"मी तक्रार नाय करत. मला तेव्हाच कळत होतं, कोण कशाला पाठवतोय. मी जायला नको होतं, ते माझं. पण घरात मला खोटारडा बोलतात सर. तुम्ही त्याला एकदा सांगा. बस."

"सांगतो," मी म्हणालो. "नक्की सांगतो चाचा."

आणि नाही सांगितलं. आठवडे गेले. आधी परीक्षा होत्या. मग मुलीचे अॅडमिशनचे फॉर्म. मग मनाशी म्हटलं, पोराने रेकॉर्ड केलं आणि मॅडमकडे पाठवलं तर? एक माणूस आपल्याच घरात खोटा ठरून बसला होता, आणि मी माझ्या शब्दांची किंमत काढत होतो. एवढा भ्याडपणा कुठून येतो माणसात? गरिबीतून नाही, मी गरीब नाही. मारहाणीतून नाही, मला कुणी बोटही लावलेलं नाही. चांगला पगार, एसी घर, शुक्रवारी मटण, यातून येतो तो.

जपानचा धडा पुन्हा आला. फोटोच्या गोष्टीपाशी मी थांबलो, सवयीने, आणि वर्ग गप्प झाला, सवयीने. पुढचं वाक्य तोंडातून निघेना. मी म्हटलं, "दॅट्स ऑल," आणि घंटा व्हायच्या आत बाहेर पडलो. पार्किंगमध्ये गाडीत बसून फोन लावला.

"चाचा, मुलगा आहे का? स्पीकरवर टाका."

थोडी खुडबूड. मग एक तरणा, जाड आवाज. "बोला."

"मी अब्बांच्या शाळेतला सर. तुझे अब्बा खरं बोलतात. त्यांना मी पाठवलं. करंट असू शकतो हे मला कळत होतं. त्यांनी विचारलं तेव्हा मी लाइट गेलीय म्हणून सांगितलं. आणि ते पडल्यावर मी आधी फोटो उचलला."

पलीकडे कुठे तरी कोंबडा ओरडत होता.

"मग त्या व्हिडिओत काय बोललात ते?"

"खोटं बोललो."

"कशासाठी?"

"नोकरीसाठी."

"शिकवता काय तुम्ही?"

"इतिहास."

तो हसला, वाईट हसला. "वा! इतके महिने मी या माणसाला नको नको ते बोललो. तुमचं एक भाषण धरून. आईच्या देखत बोललो. आता गाडीत बसून हळूच सांगताय होय? माइकवर बोलला होता ना? टाळ्या घेतल्या होत्या ना? मग हे पण तसंच बोला. त्याच ग्रुपवर टाका. इंग्लिशमध्ये."

"टाकतो."

"नाही टाकणार तुम्ही."

"पुरे रे," मागून चाचा म्हणाले. "झालं की आता."

"तुम्ही गप्प बसा!" तो ओरडला, आणि मग कुणी फोन कट केला नाही म्हणून मला ऐकू आलं, दबक्या, वेगळ्याच आवाजात: "अब्बा... जेवलात का तुम्ही? थांबा, मी वाढतो."

भांड्यांचा आवाज आला. मी फोन बंद केला.

त्या रात्री नाही, दुसऱ्या दिवशी सकाळी, असेंब्लीच्या आधी, मी उभं राहून रेकॉर्ड केलं. इंग्रजीतच, काहीही न गाळता. मॅडमचं वाक्यही सांगितलं आणि माझं होकारार्थी हललेलं डोकंही. पालकांच्या आणि स्टाफच्या, दोन्ही ग्रुपवर टाकलं. मग त्या मुलाला पाठवलं. त्याने पाहिलं, उत्तर दिलं नाही. द्यायला बांधील नाही तो.

पहिल्या तासाला मला वर्गावर जाऊ दिलं नाही. मी मॅडमच्या केबिनबाहेरच्या खुर्चीवर बसलो होतो. नवा हेल्पर, केरळचा, चहा घेऊन आला आणि आत गेलेल्या मॅनेजमेंटच्या माणसांकडे बोट करून विचारू लागला, "सर, क्या हुआ?"

त्यालाही सांगितलं.