गोलापाशी पाहुणा नाही

गोलीभाऊला कोणी रशियन म्हटलं की तो हातातला पाना दाणकन जमिनीवर टाकायचा. "जॉर्जिया!" एवढंच ओरडायचा आणि पुन्हा कामाला लागायचा. पिंपरीच्या आमच्या कारखान्यात नवी यंत्रं आली, ती जोडायला तोही आला. हिंदी मोडकं, मराठीचे चार शब्द. त्याआधी कितीतरी वर्षं तो आपल्या गावच्या रेल्वे कामगारांचा गोलकीपर होता. नाक वाकडं, बोटं वाकडी. पाळी सुटल्यावर आम्ही माळावर फुटबॉल खेळायचो. पहिल्याच आठवड्यात तो न विचारता गोलात येऊन उभा राहिला, तेव्हापासून आमचा गोलीभाऊ.

त्याच्या खोलीवर गेलेला माणूस उपाशी परत येत नसे. भाकरी, कांदा, असेल ते पुढे ठेवायचा. खाल्लं नाही तर चिडायचा. "घर में पाहुणा देव," म्हणायचा. "गोल में पाहुणा नाही!"

मी लाल बावट्याची पत्रकं वाचून वाढलेला. तिकडे सोव्हिएत देशात साहेब उरलेच नाहीत, अशी माझी खात्री. खेळ का सोडलास, असं एकदा विचारलं. म्हणाला, बड्या अधिकाऱ्याचा संघ खेळायला आला, एक गोल सोडायचा हुकूम झाला, आपण सोडला नाही. पुढच्या सामन्यापासून गोलात दुसरा माणूस.

"तिकडेसुद्धा?"

"साहेब सब जगह," तो थुंकून म्हणाला. माझ्या एकाही पत्रकात हे छापलेलं नव्हतं.

आणि इकडे? गोरे साहेब जाऊन दहा वर्षंही झाली नव्हती, तोवर आम्ही नव्या साहेबांसाठी नवी रीत काढली होती. खंडेनवमीला यंत्रांची पूजा झाली की साहेब लोक आणि कामगारांचा सामना. पहिला गोल मोठ्या साहेबांचा, मानाचा. त्यांनी चेंडू मारायचा, गोलकीपरनं बाजूला सरायचं, सगळ्यांनी टाळ्या वाजवायच्या. देवाला नारळ वाढवावा तसा!

आदल्या दिवशी फोरमन गोलीभाऊला समजवायला आला. "एक गोल दे राव. न्हाईतर तुला माघारी धाडतील."

"कशाला?"

"अरे, रीत हाय!"

दुसऱ्या दिवशी साहेबांनी चेंडू मारला. आमचा बॅक, सांगवीचा तुकाराम, ओरडला, "सर की बाजूला! मानाचा हाय त्यो!" गोलीभाऊनं आडवी झेप घेतली आणि चेंडू पोटाशी धरला. सदरा फाटला, कोपर सोललं. सगळ्यांत आधी शिव्या कोणी दिल्या? साहेबांनी नव्हे, आपल्याच माणसांनी. "आता भोगा समद्यांनी!" हे माझ्या घशाखाली अजून उतरत नाही.

आठवड्याच्या आत त्याला परत धाडलं. कारण सांगितलं, काम संपलं. अर्धी यंत्रं अजून खोक्यांत होती. गेटवर तुकाराम मान खाली घालून उभा होता. गोलीभाऊनं त्याचा खांदा धरला. "तू अच्छा बॅक. पण गोली को बाजूला सर, कभी नहीं बोलना." आणि गाडीत बसला.

पुढच्या खंडेनवमीला फोरमननं विचारलं, "गोलात कोण?" कोणीच पुढे आलं नाही.

"तुकाराम, तू तरी हो की."

"बाजूला सरायला माणूस कशाला लागतोय?" तुकाराम म्हणाला.

साहेबांनी रिकाम्या गोलात चेंडू मारला. टाळी वाजली नाही. जाळी नव्हतीच, चेंडू गडगडत पार बाभळींपर्यंत गेला. आणायला कोणी हललं नाही. शेवटी साहेब स्वतःच काट्यांतून वाट काढत चेंडू आणायला गेले, आणि आम्ही सगळे उभे राहून बघत होतो.