आमच्या साडूंचं फाँड्यू

आमच्या साडूंइतका लोकांना आवडणारा माणूस तापीच्या दोन्ही काठांवर शोधून सापडणार नाही. आणि हा माणूस आपल्याला आवडू नये म्हणून माझ्याइतकी मेहनतही कोणी घेतलेली नसेल. नात्याने ते माझ्या बायकोच्या धाकट्या बहिणीचे यजमान. म्हणजे थोरला जावई मी, ही गोष्ट आता बहुधा माझ्याखेरीज कोणाच्या लक्षात नाही. मी बँकेतून निवृत्त झालेला, दुपारी पुस्तक आणि संध्याकाळी फेरफटका एवढ्यावर भागणारा माणूस. त्यांचा सुरतेबाहेर, कामरेजच्या अलीकडे साड्यांची खोकी बनवण्याचा कारखाना आहे. जी साडी पिशवीत घालून दिली तर गिऱ्हाईक तासभर घासाघीस करेल, तीच त्यांच्या सोनेरी काठाच्या खोक्यातून निघाली की गिऱ्हाईक आपणहून आवाज खाली आणतं. "साडी तर कोणीपण विकतो," असं ते सांगतात, "पण उघडायच्या आधी बाईला जे वाटतं ना, तो माल आपला." हे वाक्य मी पुस्तकात वाचलं असतं तर खाली रेघ मारली असती. साडूंच्या तोंडून ऐकल्यामुळे मी फक्त चहा संपवला.

खोक्याचा हा न्याय ते आयुष्यात सगळीकडे लावतात. बायकोच्या पन्नाशीला मी तिला एक उत्तम कथासंग्रह दिला. "वाचते सावकाश," असं ती म्हणाली. साडूंकडून आलं ते हातभर लांबीचं जांभळं खोकं. त्यात दुसरं, त्यात तिसरं, आणि शेवटी मऊ कागदात गुंडाळलेलं चहाचं गाळणं. त्या गाळण्याने आमच्या घरात जो हशा पिकला तसा माझ्या कुठल्याही विनोदाने आजवर पिकलेला नाही. गाळणं रोज वापरात आहे, खोकं कपाटात आहे आणि माझा कथासंग्रह त्या खोक्यात आहे. हिवाळ्यात सगळी सुरत पोंक, म्हणजे आपला हुरडा, खाते. आम्हीही आणतो, वर शेव घालतो आणि खातो. साडू मात्र मंडळींना गाडीत भरून थेट शेतावर नेतात, कोवळी ज्वारी भाजणाऱ्याला बाजूला करून स्वतः भट्टीपुढे बसतात, भुवया होरपळून घेतात, आणि पोंक कसा भाजावा यावर असं काही बोलतात की तो भाजणारासुद्धा कान देऊन ऐकतो. वास्तविक हे ज्ञान त्यांनी थोड्याच वेळापूर्वी त्याच माणसाकडून मिळवलेलं असतं. ही गोष्ट मी एकदा बायकोच्या ध्यानात आणून दिली. ती म्हणाली, "हो, पण ते सांगतात किती छान."

एवढं मी पचवलं होतं. अण्णांचा प्रश्न आला तेव्हा मात्र मला ते जड जाऊ लागलं. अण्णा म्हणजे आमचे सासरे, शिरपूरकडच्या एका शाळेचे निवृत्त मुख्याध्यापक. सासूबाई गेल्यावर ते गावी एकटेच राहत होते; पण पुढे त्यांच्या हाताला कंप सुटला, कप बशीत वाजू लागला, आणि दोघी बहिणींनी त्यांना सुरतेला आणलं. राहायचं कोणाकडे, हे त्यांनी स्वतःच्या हातात ठेवलं. आधी थोडे दिवस थोरलीकडे, मग थोडे दिवस धाकटीकडे, आणि त्यानंतर काय ते सांगेन, असं त्यांनी दोन्ही जावयांना समोर बसवून सांगितलं.

मला अण्णा हवे होते. त्यात सेवाभाव किती आणि स्वार्थ किती याचा हिशोब मी केला नाही. माझं बोलणं मध्ये न तोडता शेवटपर्यंत ऐकून घेणारा आणि वर नेमका प्रश्न विचारणारा तो आमच्या कुटुंबातला एकच माणूस. मी माझी पुस्तकांची खोली त्यांना दिली. पलंग खिडकीशी लावला, वाचायला दिवा बसवला, न्हाणीघरात धरायला दांडा ठोकून घेतला. ते आमच्याकडे होते तोवर घर अगदी शांत होतं. त्यांच्याकडून चहा सांडला की मी अवाक्षर न काढता फडकं आणत होतो. एकदा आमटीची वाटी कलंडली तेव्हा मी चादर अशा सफाईने बदलली की त्यांना पुन्हा पाठ टेकायला थांबावंही लागलं नाही. हे घर सोडून कोणी खोक्यांच्या गोंगाटात राहायला जाईल, असं मला वाटत नव्हतं.

साडूंनी त्याच सुमारास फाँड्यू काढलं. ते नुकतेच खोकेवाल्यांच्या सहलीबरोबर स्वित्झर्लंडला जाऊन आले होते, आणि तेव्हापासून त्यांच्या प्रत्येक वाक्यात एक तरी डोंगर येत होता. अण्णा त्यांच्याकडे राहायला गेल्यावर पहिल्याच रविवारी त्यांनी आम्हाला बोलावलं. फाँड्यू म्हणजे काय, हे त्यांनी मला फोनवर सविस्तर सांगितलं: मधोमध गरम पातळ चॉकलेटचं भांडं, भोवती आपण सगळे, आणि ज्याने त्याने लांब काट्याला फळाची नाहीतर केकची फोड टोचून त्यात बुडवायची आणि खायची. "एकाच भांड्यात. तिकडे म्हणतात, याने माणसं जवळ येतात."

फोन ठेवताना मला फार दिवसांनी प्रसन्न वाटलं. कारण अण्णांना उष्टं चालत नाही. म्हणजे नुसतं आवडत नाही असं नव्हे. लग्नाच्या पंगतीत कोणी आपल्या ताटातला चमचा भाजीच्या पातेल्यात घातला तर ते उरलेलं जेवण भातावर भागवतात. तोंडात जाऊन आलेले काटे पुन्हा पुन्हा एकाच भांड्यात बुडताना पाहून ते काय करतील, याचं चित्र मी डोळ्यांपुढे आणलं. मला काही करायचं नव्हतं. फक्त जाऊन बसायचं होतं. तरी तयारी असावी म्हणून मी चॉकलेटविषयी थोडं वाचूनही ठेवलं.

साडूंचा थाट अपेक्षेप्रमाणे होता. ढोकळ्याच्या भांड्यात पाणी उकळत होतं, त्यावर पितळी पातेलं, पातेल्यात चॉकलेट. चॉकलेटला पाण्याचा थेंब चालत नाही, एका थेंबाने सगळं फुकट जातं, असं सांगत ते प्रत्येक स्ट्रॉबेरी बाळाचं अंग पुसावं तशी पुसत होते. मेहुणीने ओल्या हाताने चमचा उचलला तर तिला त्यांनी पंख्याखाली उभं केलं. "ऑपरेशनच चाललंय जणू," ती माझ्या बायकोला म्हणाली, पण हात वाळवत उभी राहिली. शेवटी ते पातेलं मोठ्या समारंभाने पाटावर आलं. खाली पणत्या, बाजूला केळी, स्ट्रॉबेरी, केक आणि एक ताटभर नानखटाई. चॉकलेट असं चमकत होतं की त्यात छताचा पंखा दिसत होता. कबूल करायला हवं, दिसायला ते सुंदर होतं. मला त्याचाही राग आला.

"पहिला मान अण्णांचा," साडू म्हणाले आणि काट्याला स्ट्रॉबेरी टोचून त्यांनी तो अण्णांपुढे धरला.

अण्णांनी काटा घेतला नाही. काही खाण्यापूर्वी ते तळहातावर पाणी घेतात आणि ते ताटाभोवती फिरवतात. आयुष्यात त्यांनी हे कधी चुकवलेलं नाही. त्या दिवशी त्यांच्यापुढे ताट नव्हतं. सगळ्यांचं मिळून अन्न होतं ते पातेलं. त्यांनी शेजारच्या तांब्यातून तळहातावर पाणी घेतलं, डोळे मिटले आणि हात पातेल्याभोवती फिरवला. हात थरथरत होता. निम्मं पाणी पातेल्यात गेलं.

चॉकलेटवरचा पंखा विझला. मेहुणीने घाईने चमचा फिरवला तसं ते आणखी आक्रसलं, कोरडं झालं, आणि पाहता पाहता पातेल्यात ओल्या मातीसारखा एक रवाळ गोळा उरला. अण्णांनी डोळे उघडून आधी पातेल्याकडे पाहिलं आणि मग स्वतःच्या हाताकडे. थेंबाचं ते व्याख्यान त्यांनीही दिवसभर ऐकलं होतं. त्यांनी तो हात हळूच धोतराच्या सोग्याखाली लपवला. शाळेत छडी खाल्लेला पोरगा लपवतो तसा.

मी सरसावून बसलो. पाण्याने चॉकलेट का आवळतं हे मी आदल्याच दिवशी वाचलेलं होतं. यात त्यांचा काही दोष नसून हा त्या पदार्थाचाच गुणधर्म आहे, असं मी अण्णांना अत्यंत सौम्य शब्दांत समजावणार होतो. पण साडू माझ्या आधी बोलले.

"बरं झालं, अण्णा. सुटलो," ते म्हणाले. "खरं सांगू? मी तिकडे हे खाल्लंच नाही. हॉटेलच्या काचेतून बघितलं फक्त. बाहेर आमच्या सहलीचे स्वयंपाकी महाराज खिचडीचा डबा घेऊन उभे होते, त्यांना कोण नाही म्हणणार."

"मला तर सांगितलंत, दोनदा खाल्लं," मेहुणी म्हणाली.

"खिचडी दोनदा खाल्ली," साडू म्हणाले आणि त्यांनी नानखटाईचं ताट जवळ ओढलं. मूठ मूठ नानखटाई चुरून त्यांनी त्या पातेल्यात घातली, वर कढत दूध ओतलं, तूप मागवलं, बदाम मागवले, आणि जो केक फोडी करून सुबक मांडला होता तोही कुस्करून आत टाकला. एवढ्या दिवसांची ती चकाकी, ते काटे, ते डोंगर, सगळं त्यांनी एका झटक्यात बाजूला सारलं. त्यांना याचं काहीच कसं वाटलं नाही, हे मला आजही कळलेलं नाही. मग पातेलं अण्णांपुढे सरकवून ते म्हणाले, "आता हे तुमच्याकडे. सासूबाईंच्या वेळी दिवाळीचे लाडू तुम्हीच वळायचात ना?"

अण्णांनी पातेल्यात डोकावून पाहिलं. "कोणी चाखलेलं नाही ना यातलं?" त्यांनी विचारलं.

"कोणाला चाखू दिलंत तुम्ही?" साडू म्हणाले.

अण्णा हसले. दोघी मुली हसल्या. मग सोग्याखालचा तो हात बाहेर आला आणि पातेल्यात गेला. लाडू वळताना हात हलतच असतो, त्यामुळे त्यातली थरथर कोणती आणि वळणं कोणतं, हे पाहणाऱ्याला सांगता आलं नसतं. ते एकामागून एक लाडू वळत होते, धाकटीचा वेडावाकडा लाडू मोडून पुन्हा तिच्या हातात देत होते, आणि साडूंच्या लाडवाकडे बघून म्हणाले, "तुमच्याकडे खोक्यात भरूनसुद्धा हा खपायचा नाही." मी वळलेला एक लाडू त्यांनी उचलला, न मोडता ताटात ठेवला आणि काही बोलले नाहीत.

एकाच पातेल्यात आम्हा सगळ्यांचे हात होते. लाडू खाऊन झाल्यावर अण्णांनी हात धुतले आणि पंच्याला पुसता पुसता मुलींना अहिराणीत म्हणाले, "मी आठेच ऱ्हासू." इथेच राहीन. इतक्या साध्या आवाजात म्हणाले की तो निर्णय आहे हे कळायला मला थोडा वेळ लागला. माझ्या बायकोने माझ्याकडे पाहिलं नाही, यावरून तिला तो लगेच कळला होता.

आमच्याकडे राहिलेली त्यांची औषधं आणि कपडे घेऊन मी दुसऱ्या दिवशी गेलो. साडू कारखान्यात होते, अण्णा गॅलरीत. कारण विचारायचं नाही असं ठरवून गेलो होतो, पण त्यांनीच विषय काढला.

"तुमच्याकडे मला काही कमी पडलं नसतं, हे मला माहीत आहे," ते म्हणाले. "पण माझ्या हातून काही सांडलं की तुम्ही एक शब्द न बोलता पुसता."

"मग?" मी म्हणालो.

"तेच," अण्णा म्हणाले, आणि त्यांनी मला बसायला खुर्ची दाखवली.

आता ते तिथेच असतात. मी दर रविवारी जातो. त्यांचं माझं बोलणं पूर्वीसारखंच होतं, प्रश्नही ते नेमकेच विचारतात. फक्त मध्येच साडू येतात, काहीतरी सांडतं, आणि आमचा विषय तिथेच राहतो. घरी कोणी पाहुणा आला की साडू चॉकलेटचे लाडू पुढे ठेवतात आणि ही खास स्विस पद्धत आहे, तिकडच्या एका म्हाताऱ्या बाईकडून आपण शिकून आलो, असं सांगतात. पाहुणा खात्री करून घेण्यासाठी शेजारच्या वयस्कर, सभ्य गृहस्थाकडे पाहतो. आणि ज्यांनी उभ्या आयुष्यात एका मुलाचं चुकीचं उत्तर बरोबर धरलं नाही ते आमचे अण्णा, अगदी गंभीरपणे मान हलवून हो म्हणतात. माझ्यासाठी ते कधी असं खोटं बोलतील असं मला वाटत नाही. तशी वेळ मी त्यांच्यावर कधी येऊच दिली नाही.