मिरचीवरची बुरशी आणि दिलेला शब्द

सेगेदच्या स्टेशनवर मार्ता नेनी मला सोडायला आल्या होत्या. हंगेरीत वडीलधाऱ्या बाईला नेनी म्हणतात, आपल्या मावशीसारखं. त्या माझ्या पीएचडीच्या गाईड. पीएचडी संपवून मी इंग्लंडला, ब्रिस्टलच्या विद्यापीठात दोन वर्षांच्या संशोधनाला निघाले होते. हातात सँडविचची पिशवी आणि चेहरा परीक्षा घेताना असायचा तसाच. म्हणाल्या, "दोन वर्षं ब्रिस्टल. मग परत." मी हो म्हटलं, आणि तेव्हा ते मनापासून म्हटलं होतं. गाडी सुटली तशी मी रडले. भिवापूर सोडताना डोळ्यांत टिपूस आलं नव्हतं, याची नंतर लाज वाटली.

भिवापूर हे आमचं गाव, नागपूर जिल्ह्यातलं, मिरचीसाठी प्रसिद्ध. बाबा तिथे शाळेत विज्ञान शिकवायचे. वाळत घातलेल्या मिरचीला बुरशी का लागते, हा माझा एमएस्सीपासूनचा विषय. सेगेदही मिरचीचंच शहर. त्यामुळे हंगेरी सरकारची शिष्यवृत्ती मिळाली तेव्हा बाबा गावभर सांगत सुटले, "पोरगी मिरचीच्या गावाहून मिरचीच्या गावाला चालली." फी, राहणं सगळं त्या सरकारने केलं आणि शिकून तिथेच थांब अशी अटही घातली नाही. माझ्या शेजारच्या टेबलावरची रेका तिथलीच. तिला मात्र सरकारी जागेवर जितकी वर्षं शिकली तितकी वर्षं देशातच नोकरी करीन, असं लिहून द्यावं लागलं होतं. माझ्याकडून कोणी कागद मागितला नाही. मार्ता नेनींनी फक्त शब्द घेतला.

त्यांच्याकडे मिरचीवरच्या बुरशींचा मोठा संग्रह होता. दर काही महिन्यांनी प्रत्येक बुरशी नव्या काचनळीत उतरवायची, नाहीतर ती मरते. आपल्या विरजणासारखंच. संग्रहाच्या वहीत पहिल्या पानावर सांभाळणाऱ्यांची नावं असायची. जाणाऱ्याने पुढच्याचं नाव पेन्सिलने लिहायचं, येणाऱ्याने ते शाईने गिरवायचं. नेनींनी तिथे माझं नाव लिहून ठेवलंय, हे मला सेगेद सोडल्यावर आठ वर्षांनी, त्यांचा फोन आला तेव्हा कळलं.

तोवर ब्रिस्टलमध्ये माझी नोकरी पक्की झाली होती. नवरा इथल्या विमानाच्या इंजिनांच्या कंपनीत, मुलगी शाळेत रिसेप्शनला, म्हणजे आपल्या केजीला, आणि कौन्सिल टॅक्स, म्हणजे इथली घरपट्टी, दर महिन्याला बँकेतून आपोआप जाणारी. त्याच आठवड्यात मी एका पॅनलवर बसले होते. विषय होता कुशल माणसांचं स्थलांतर. पॉलिसीवाली मंडळी म्हणाली, हुशार माणसं देशातून गळत नाहीत, ती फिरती राहतात. मीही माईकवर तेच बोलले, आणि इतक्या झोकात की टाळ्या पडल्या.

फोन आला होता तो मार्ता नेनी रिटायर होत होत्या म्हणून. परत येणाऱ्या संशोधकांसाठी तिथे एक सरकारी योजना होती. माझा अर्ज त्यांनी मला न विचारता भरूनही ठेवला होता, अगदी आपल्याकडची मोठी माणसं करतात तसं. शुक्रवारपर्यंत माझी सही हवी होती, नाहीतर डिपार्टमेंट संग्रह बंद करणार. रेका मुदत संपताच व्हिएन्नाला गेली होती. दुसरं कोणी उरलं नव्हतं.

मी तीन दिवस मागून घेतले. खोटं कशाला बोलू, उत्तर पहिल्या तासातच ठरलं होतं. बाकीचा वेळ ते सांगायची हिंमत गोळा करण्यात गेला. तुमच्यातले जे घर सोडून गेलेत, त्यांना हे तीन दिवस माहीत असतील.

शुक्रवारी मी नाही म्हटलं. वर शहाणपणा केला, "नेनी, नळ्या इकडे पाठवा ना, आमच्याकडे चांगले फ्रीझर आहेत." त्या म्हणाल्या, "म्हणजे आता उरलेलंही तिकडेच." आवाजात राग नव्हता. महिन्याभराने खोके आले, प्रत्येक नळीवर त्यांच्या अक्षरात नाव. मला ते उघडायला दोन दिवस लागले.

त्या शुक्रवारनंतरच्या रविवारीच हे सगळं बाबांना फोनवर सांगितलं होतं. ते म्हणाले, "त्या बाईला तू सरळ सांगून दिलं, चांगलं केलं बेटा. आता मलाही एकदा सांगून दे."

इतकी वर्षं मी त्यांना 'बघू' म्हणत आले होते. त्या दिवशी म्हटलं, "बाबा, मी नाही येणार परत." ते "बरं" म्हणाले आणि नातीने काय खाल्लं ते विचारू लागले.

डिसेंबरात आम्ही भिवापूरला गेलो, तर माझ्या खोलीतलं कपाट रिकामं. माझी पुस्तकं बाबांनी कॉलेजला देऊन टाकली होती. "इथल्या पोरांच्या कामी येतील," एवढंच म्हणाले. मला वाईट वाटलं, पण तक्रार करायला मला तोंड नव्हतं. त्या रिकाम्या खोलीत मी दहा दिवस राहिले, आणि इतकी गाढ झोप मला कित्येक वर्षांत लागली नव्हती.