अर्धं नाव

एल्मुरामावशी स्वभावाने कडक. आमच्या केल्दा गावात पुस्तक तिच्याकडे होतं म्हणून लोक तिला वचकून असत. पण नसतं तरी वचकलेच असते. मासे खारवताना कुणाच्या हातून मीठ सांडलं की म्हणायची, "सांड गं सांड, तुझ्या सासऱ्याचं मिठागरच आहे ना!"

पुस्तक माशाच्या कातडीचं, फार जुनं. कुणी लिहिलं ते देवळातल्या पुजाऱ्यालाही सांगता येत नाही. नुसती पाहिली तर पानं कोरी. श्वास सोडला की अक्षरांवर दंव धरतं आणि तेवढ्यापुरती ओळ दिसते. ती वाचायची, मग पुढच्या ओळीवर श्वास सोडायचा. ऊब आली तरी वाचन चालू आहे तोवर तळ्यावरचा बर्फ धरून राहतो. वाचणारी थांबली की सुटतो.

आणि पुस्तक उघडं असताना कुणाचं नाव घ्यायचं नाही. कानावर पडलेलं नाव पुस्तक गोठवतं, माणसासकट. हे मावशीनेच आम्हा सगळ्यांच्या अंगी मुरवलेलं. नवरा गेल्याचा निरोप आला तेव्हाही ती वाचत होती. डोळे वाहत होते, ओळ चुकली नाही.

त्या वर्षी ऊब लवकर आली. माणसं तळ्यावर मासे धरायला गेली होती आणि दुपारीच बर्फ कडकडायला लागला. पुस्तक काठावर आणून उघडावं लागलं. कातडी गार राहावी म्हणून मी मावशीशेजारी बर्फाची परात धरून बसले. मनात तळ्याच्या आईचा धावा चालू होता.

घसरगाड्या एकेक करून परतल्या. राहिला तो तोवरिन, मावशीचा एकुलता एक. तेवढ्यात धुकं उतरलं. त्याच्या कुत्र्यांच्या घंटा ऐकू येत होत्या, पण ओढ्याच्या तोंडाच्या बाजूने. वाहतं पाणी पुस्तकाचं ऐकत नाही. तिथे बर्फ असतो तो नुसता नावाला.

जिस्का, मावशीची सून, काठावर धावली. "अहो! तिकडे नका जाऊ! डावीकडे वळा!"

घंटा वळल्या नाहीत. उलट घाईघाईने लांब जायला लागल्या.

मग माझ्या लक्षात आलं. तळ्यावर बिननावाच्या हाकेला ओ द्यायची नाही, ती बुडालेल्यांची असते, हे आमच्याकडे पोर रांगायला लागल्यापासून शिकवतात. एरवी पुस्तक उघडं असताना कुणाला हाक मारायची वेळच येत नाही, म्हणून या दोन नियमांची कधी गाठ पडली नव्हती. आम्ही जितकं ओरडू तितका तो पळणार होता.

"अहो, मासे करपवते म्हणून रोज बोलता ना मला? तीच मी! वळा!"

"त्याला वाटत असेल, बुडालेली बाई लाडीगोडी लावतेय," म्हातारा बार्दुक म्हणाला.

"तुम्ही गप्प बसा हो काका! दोर घ्या आणि जा!"

"जातो गं, पण गाठणार कसा? त्याच्याकडे कुत्री आहेत, माझ्याकडे गुडघे." तरी बिचारा दोर घेऊन निघाला. त्याच्यामागे आणखी दोघं गेले.

जिस्का माझ्याकडे वळली. "वहिनी, मी नाव घेते."

मी परात टाकली आणि तिचं तोंड दाबलं. "वेडी आहेस का? आहे तिथे दगड होईल त्याचा!"

"मग काय बुडू देऊ?" ती माझ्या बोटांतून ओरडली. माझा तळवा चावलाच तिने.

मावशीने मान वर केली नाही. ओठ चालूच होते. तिने पुढच्या ओळीवर श्वास सोडला, दंव धरलं, तिने ओळ वाचली. आणि ती संपताना, सुईत दोरा ओवावा तशा हलक्या आवाजात म्हणाली, "तोव."

पुढची अक्षरं तिने गिळली. गळा हललेला मी पाहिला. लगेच पुढची ओळ.

घंटा थांबल्या. कुत्री भुंकायला लागली. मग धुक्यातून तोवरिनची किंकाळी आली.

बार्दुक परत येईपर्यंत मावशी वाचत राहिली. गाडीवर तोवरिन होता, कमरेच्या वर जिवंत आणि खाली पांढरा. ओढ्याच्या अगदी कडेशी त्याचे पाय बर्फाने गुडघ्यापर्यंत धरले होते, कुऱ्हाडीने फोडून काढावे लागले. शेवटचा माणूस काठावर चढला तेव्हा मावशीने पुस्तक मिटलं.

घरी तिने अंगरखा सोडून त्याचे दोन्ही पाय पोटाशी घेतले. टाचणी टोचली तरी त्याला कळत नव्हतं. जिस्का मांसाचं पाणी भरवत होती आणि सासूकडे बघत नव्हती.

"नाव कुणी घेतलं?" तोवरिनने विचारलं.

"मी," मावशी म्हणाली.

"तू?" तो तिच्याकडे बघतच राहिला. "अर्धंच?"

"पुरं घ्यायची छाती नव्हती. अजिबात न घ्यायचीही."

त्याने भिंतीकडे तोंड फिरवलं. तिने पाय सोडले नाहीत. पोट गार पडून ती निळी पडत चालली, मी घोंगडी टाकली तीही तिने त्याच्याच अंगावर सरकवली.

बऱ्याच वेळाने तो कण्हला. "आई, जरा हळू धर. दुखतंय."

जिस्काच्या हातातली वाटी सांडली. मावशी तिला काही म्हणाली नाही.